एकही खाडा नाही

सांगली,
रविवार, ११ जानेवारी २०२६

चि. सौ. प्रणितास,
अनेक उत्तम आशीर्वाद.

तुझं पत्र आणि फोटो परवाच पोचले. मी फोन उचलत नाही म्हणून फुरंगटून बसली आहेस, पण काय करू? कानातलं हे नवं यंत्र फोन जवळ नेला की शिट्ट्या मारतं. छत्तीस वर्षं शाळेच्या मैदानावर शिट्टी मी वाजवली, आता दुसऱ्याची शिट्टी ऐकून घ्यायची मला सवय नाही. त्यापेक्षा पत्र बरं. शिवाय फोनवर तू नुसतं सगळं ठीक आहे म्हणतेस आणि ठेवून देतेस.

फर्गसचा फोटो मी आल्यागेल्या प्रत्येकाला दाखवते आहे. डोक्याला पांढरी पट्टी, पट्टीवर रक्ताचा डाग, आणि गडी आपल्या बचावफळीवर ओरडतोय! समोरच्याशी डोक्याला डोकं आपटलं, चार टाके पडले आणि तरी पठ्ठ्या परत मैदानात उतरून सामना संपवून आला. शेजारच्या मेडिकलवाल्या शिरीषने विचारलं की हा गोरा कोण, तेव्हा मी जावई म्हणून सांगितलं आणि वर अर्धा तास त्याला सोडलं नाही.

आठ वर्षांपूर्वी तू फुटबॉल खेळणारा स्कॉटिश मुलगा पसंत केलास तेव्हा घरात सगळ्यांत जास्त आदळआपट मीच केली होती, हे काही मी विसरलेली नाही. पण इथे आला आणि माझ्यासमोर मांडी घालून बसून त्याने सगळं स्वतःहून सांगितलं. सतराव्या वर्षी ग्लासगोच्या क्लबने उचललं, एकविसाव्या वर्षी गुडघा गेला म्हणून काढून टाकलं, मग दोन वर्षं बापाच्या मासळीच्या गाडीवर हमाली आणि दारू. आणि मग दारू सोडून पुन्हा पहिल्यापासून सराव. तू भाषांतर करता करता रडत होतीस, आणि मी मनात म्हटलं, हा आपला माणूस. त्याच संध्याकाळी मी त्याला माझ्या जुन्या विद्यार्थिनीची, सविताची गोष्ट सांगितली. जिल्ह्याच्या अंतिम सामन्यात खांबावर सूर मारताना डोकं आपटलं, तरी उठली, तीन गडी मारले आणि खो-खोची ढाल शाळेत आणली. त्याने ती गोष्ट तीनदा सांगायला लावली होती, आठवतं?

आता खरी बातमी. तुझ्या हिशेबाने सिंगापूरच्या क्लबकडून त्याचे सलग एकशे त्रेचाळीस सामने झाले. दीडशे झाले की जूनच्या सुट्टीत तुम्ही येणार, तेव्हा माझ्या शाळेत त्याचा सत्कार ठरलाय. शाल, श्रीफळ, मानपत्र, सगळं रीतसर. मजकूर मी लिहिलाय आणि प्रतापच्या छापखान्यात दिलाय. सलग दीडशे सामने, एकही खाडा नाही, असं मोठ्या अक्षरांत. माझ्या हाताखालून गेलेल्या मुलींपैकी एकीचाही असा विक्रम नाही. सातच राहिलेत, त्याला म्हणावं दम धर.

ऋता पहिलीत गेली ना? तिला माझा पापा दे. पत्र लिहायचा आळस करू नकोस, मी पोस्टमनच्या वाटेकडे डोळे लावून असते.

तुझी,
सरोजिनीआत्या


सेंगकांग, सिंगापूर
गुरुवार, २२ जानेवारी २०२६

ती. आत्यास,
सा. न. वि. वि.

तुझं पत्र ऑफिसच्या बसमध्ये वाचलं आणि एकटीच हसत बसले. चांगी बिझनेस पार्कपर्यंतचा प्रवास माझ्यासाठी एवढ्याच कामाचा आहे, तुझी पत्रं वाचायची आणि उत्तरं लिहायची.

ऋताची शाळा सुरू झाली. गणवेशाचा स्कर्ट तिला दोन बोटं मोठा आहे आणि ती तो अभिमानाने मिरवते. मराठी समजतं सगळं, पण उत्तर इथल्या इंग्रजीतच. मागच्या आठवड्यात फर्गस तिला शाळेतून आणताना एलआरटीच्या, म्हणजे इथल्या छोट्या लोकल रेल्वेच्या, चुकीच्या फेरीत बसला आणि दोघं सेंगकांगभर दोनदा गोल फिरून आले. घरी आल्या आल्या तिने जाहीर केलं की पापा सो ब्लर लाह. इथल्या पोरांच्या भाषेत ब्लर म्हणजे गोंधळलेला, भंजाळलेला. तोही हसला. सामन्यांची दगदग आहे, दुसरं काही नाही.

त्याने हल्ली एक नवीन खूळ काढलंय. सामन्याच्या दिवशी सकाळी चहा पिताना मी त्याची उजळणी घ्यायची. आज कुठल्या मैदानावर, समोर कोण, मागचा सामना कुणाशी, किती गोल झाले. शाळेतल्या तोंडी परीक्षेसारखं. खेळाडूंचे असले शकुन असतात म्हणे. ऋतालाही मजा वाटते, ती गुण देते.

एक विनंती होती, आत्या. मानपत्रावर आकडा घालू नकोस ना. नुसतं उत्तम खेळाडू असं काही लिही. तो पस्तिशीचा आहे, दुखणीखुपणी असतातच. एखादा सामना चुकला तर उगीच त्याच्या जिवाला लागेल. मेमध्ये त्याचा करार संपतो, पुढच्या वर्षीचं क्लबने अजून काही सांगितलेलं नाही, त्यामुळे तो जरा घुम्यासारखा असतो. खोलीतला दिवाही लावू देत नाही. पण काळजीचं काही नाही.

तुझ्या गुडघ्याला तेल लावतेस ना? आमच्यावर तुझी माया आहेच, ती अशीच राहू दे.

तुझी,
प्रणिता


सांगली,
रविवार, १ फेब्रुवारी २०२६

चि. सौ. प्रणितास,
अनेक आशीर्वाद.

तू बँकेत राहून फार सावध झाली आहेस. आकडा नको म्हणे! आकडा नसेल तर मानपत्रात राहिलं काय? उत्तम खेळाडू तर गल्लीतला प्रत्येक जण असतो. आणि छपाई झालीसुद्धा. प्रताप माझा जुना विद्यार्थी, त्याने कडेला वेलबुट्टी काढून शंभर प्रती काढल्या. एक या पाकिटात घडी करून पाठवते आहे. फर्गसच्या डोळ्यांसमोर राहील अशी लाव.

त्याला माझा निरोप वाचून दाखव. बाई म्हणतात, खेळाडू दमतो, दुखतो, पडतो, पण खाडा करत नाही. करार देणाऱ्यांना हेच दिसतं. मला बाई म्हणणारा तो एकटाच जावई आहे, आणि माझ्या विद्यार्थ्याकडून मी जे मागते तेच त्याच्याकडून मागणार.

मी अजूनही ज्यांचा सराव घेते त्या शाळेतल्या मुलींनी आत्तापासून त्याच्या नावाच्या घोषणा बसवल्यात. लम्सडेन हे आडनाव त्यांच्या तोंडात काही बसत नाही, म्हणून नुसतं फर्गस, फर्गस. ऐकताना मला इतकं भरून आलं की मी पाणी प्यायच्या निमित्ताने आत गेले.

दिवे लावू देत नाही म्हणजे काय? त्याला म्हणावं, वीज कंपनीशी वैर आहे का? असो. मायेत काही कमी करू नकोस, माझ्याकडे भरपूर आहे.

तुझी,
आत्या


सेंगकांग, सिंगापूर
मंगळवार, १० फेब्रुवारी २०२६

ती. आत्यास,
सा. न. वि. वि.

हे पत्र मी बसमध्ये लिहीत नाही. आज रजा घेतली आहे. खाली सगळ्या लिफ्टपाशी चिनी नववर्षासाठी संत्र्यांची झाडं मांडलीत, ऋता शाळेत आहे, फर्गस सरावाला गेलाय, आणि मला तुला खरं सांगायचंय. आईबाबांना यातलं काही माहीत नाही.

शनिवारी एकशे सत्तेचाळिसावा सामना झाला. मी आणि ऋता गेलो होतो. विसाव्या मिनिटाला चेंडू डोक्याने मारायला तो उडाला आणि दुसऱ्याचं कोपर त्याच्या कानशिलावर बसलं. खाली पडला, लगेच उठला. क्लबचा डॉक्टर धावत आला, दोन मिनिटं काही विचारलं, याने उत्तरं दिली, खेळ चालू. घरी आल्यावर मनगटाची चिकटपट्टी काढायला मी मदत केली. पट्टीच्या आतल्या बाजूला बारीक पेनाने लिहिलेलं होतं. मैदानाचं नाव, समोरच्या संघाचं नाव, मागच्या सामन्याचे गोल.

डोक्याला मार लागला की डॉक्टर हेच प्रश्न विचारतात, आत्या. शुद्ध जाग्यावर आहे का बघायला. आणि याची उत्तरं तयार होती, कारण सकाळी मी पाठ करून घेतली होती. शकुन समजून. ऋता गुण देत होती.

मग त्याने सगळं सांगितलं. सहा महिन्यांत हा चौथा मार. उजेड सहन होत नाही. सामना झाल्यावर अंधाऱ्या बाथरूममध्ये बसून राहतो. त्या दिवशी एलआरटीत त्याला आपलं स्टेशनच आठवेना, म्हणून ते गोल फिरले. खालच्या मजल्यावरच्या डॉ. मेधाला मी नाव न घेता विचारलं. ती म्हणाली, आधीचा मार बरा व्हायच्या आत पुन्हा मार बसला तर माणूस जागच्या जागी जाऊ शकतो, नाहीतर कायमचा वेगळाच होऊन बसतो.

मी भांडले, रडले, पाया पडायचंच तेवढं राहिलं. तो म्हणतो तीनच सामने. तीन झाले की स्वतः सांगेन. आणि तुला सांगते, कारण विचारलं तर तो कराराचं नाव घेत नाही. तो सविताचं नाव घेतो. सोळा वर्षांची पोरगी खांबावर डोकं आपटून उठली, मग मी का नाही, म्हणतो. तुझं मानपत्र त्याने बुटांच्या कपाटावर लावलंय. जाताना रोज त्याला हात लावतो.

मी डॉक्टरांना परस्पर सांगू शकते. पण मग तो मला आयुष्यभर माफ करणार नाही, आणि त्यात त्याची बाजूही आहे. त्याच्या आयुष्यात प्रत्येक वेळी दुसऱ्यांनीच ठरवलं, की तू आता बाहेर. त्याने ऐकलं तर तुझंच ऐकेल. तू लिही, आत्या. लवकर लिही. शनिवारी एक सामना आहे आणि त्याच्या पुढच्या शनिवारी दुसरा.

तुझीच,
प्रणिता


सांगली,
बुधवार, १८ फेब्रुवारी २०२६

चि. प्रणिता आणि चि. फर्गस,
दोघांना आशीर्वाद.

तुझं पत्र सकाळी अकराला हातात पडलं. पोस्टाची वाट बघण्यात अर्थ नाही. शिरीष या कागदांचे फोटो काढून तुझ्या फोनवर पाठवतोय, तो दुकानात गिऱ्हाईक थांबवून बसलाय. प्रणिता, हे फर्गसला समोर बसवून वाचून दाखव. काहीही गाळू नकोस, माझी लाज वाचवायचा प्रयत्न करू नकोस.

फर्गस, सविताची गोष्ट मी तुला अर्धीच सांगितली.

ती उठली हे खरं. पण उठल्यावर ती चुकीच्या बाजूला चालत गेली होती, दुसऱ्या संघाच्या मुलींमध्ये जाऊन बसली होती. मी तिला हाताला धरून आणलं. ओला रुमाल डोक्यावर ठेवला, लिंबूपाणी दिलं आणि उभी राहतेस ना, असं विचारलं. ती हो म्हणाली. माझ्यासमोर नाही म्हणायची कुणाची हिंमत नव्हती, हे मला तेव्हाही माहीत होतं. दुसऱ्या डावात मी तिला उतरवलं, तिने तीन गडी मारले, ढाल आली, माझा फोटो पेपरात छापून आला.

त्यानंतर दोन वर्षं तिचं डोकं दुखत होतं. फळ्याकडे बघितलं की तिला मळमळायचं. वर्गात पहिल्या पाचांत असणारी पोरगी, अकरावीत शाळा सोडली. आज ती माधवनगरला राहते, भर उन्हात बाहेर पडत नाही, दोन ओळींच्या वर वाचत नाही. मी तिच्या लग्नाला गेले, आहेर केला आणि लवकर निघून आले. आणि तीस वर्षं प्रत्येक बक्षीस समारंभात मी तिचीच गोष्ट सांगत आले. जिद्दीचं उदाहरण म्हणून. टाळ्या पडायच्या तिथे थांबायचे. पुढचं आज पहिल्यांदा लिहिते आहे.

तू ज्या गोष्टीच्या जोरावर उभा राहतो आहेस ती गोष्ट खोटी आहे, बाळा. ती मी बनवली. एकही खाडा नाही हेही माझंच खूळ. एखाद्याला मैदानाबाहेर बसवायची अक्कल मला कधी आली नाही, म्हणून मी हजेरीलाच मोठेपणा देत बसले.

मी तुला हुकूम करणार नाही. मी हुकूम केले की काय होतं ते वर लिहिलंच आहे. तुला बाहेर काढणारे खूप भेटले. या वेळी तुझं तू ठरव. ठरवलंस ते सांगायला आधी डॉक्टरकडे जा. मला मागाहून कळवलंस तरी चालेल.

प्रतापच्या दुकानात जाऊन उरलेल्या नव्याण्णव प्रती मी आज रद्दीत घालणार आहे. तुमच्याकडची तुम्ही फाडा.

तुम्हा तिघांवर जीव आहे, एवढं ध्यानात ठेवा.

तुमची,
सरोजिनी


सेंगकांग, सिंगापूर
रविवार, १ मार्च २०२६

ती. आत्यास,
सा. न. वि. वि.

फर्गस बोलतोय आणि मी लिहिते आहे. त्याने बजावलंय की माझ्या पदरचं एकही वाक्य घालायचं नाही. सुरुवातीचा नमस्कार मात्र त्याने स्वतः देवनागरीत काढलाय, तो गोड मानून घे.

बाई, नमस्कार.

तुमचं पत्र ऐकलं तो नववर्षाच्या सुट्टीचा दिवस होता. खाली सिंहनृत्याचे ढोल वाजत होते आणि माझं डोकं फुटत होतं. पहिल्यांदा मला तुमचा फार राग आला. आठ वर्षं मी त्या मुलीला मनात धरून खेळत होतो. मी उठून बाहेर गेलो आणि पुंगोलच्या पाण्याकाठी चालत राहिलो. चालताना मला सारखी ती चुकीच्या मुलींमध्ये जाऊन बसलेली दिसत होती. त्याच्या आदल्या शनिवारी, सामन्यात मध्यंतरानंतर मीही चुकीच्या बाजूला जाऊन उभा राहिलो होतो. आमच्या गोलरक्षकाने हसत मला वळवलं. सगळे हसले, मीही हसलो. हे मी प्रणितालाही सांगितलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी क्लबच्या डॉक्टरकडे गेलो आणि सगळं सांगितलं. मनगटावरची पट्टीसुद्धा दाखवली. वाटलं होतं ओरडतील. त्यांनी पट्टी वाचली आणि लगेच फोन लावला. मग हॉस्पिटलात तपासण्या झाल्या. डोक्यात रक्तस्राव नाही, विश्रांतीने बराच फरक पडेल म्हणतात. पण खेळणं संपलं. एकशे अठ्ठेचाळीसवर.

शुक्रवारी प्रशिक्षकांनी विचारलं की संघाला मी सांगू की तू सांगतोस. मी सांगतो म्हटलं. ग्लासगोला मला काढलं तेव्हा एका माणसाने दारातून कागद दिला होता, मला कुणाशी बोलूही दिलं नव्हतं. या वेळी मी कपडे बदलायच्या खोलीत उभा राहिलो आणि सगळं सांगितलं. अंधारातलं बसणं, पाठांतर, माझ्या मुलीला आमचं स्टेशन कुठलं ते विचारावं लागलं ते. सगळे बुटांच्या नाड्या बांधत राहिले. मला वाटलं, हसं झालं माझं.

शनिवारी मी ऋताला घेऊन प्रेक्षकांत बसलो. कोपऱ्यातून चेंडू आला की मी प्रत्येक वेळी उठून उभा राहायचो आणि ती शर्ट ओढून मला खाली बसवायची. आम्ही दोन-एक हरलो. दोन्ही गोल डोक्याने झाले, मी जिथे उभा असायचो तिथून. फार वाईट वाटलं, बाई. खोटं कशाला बोलू?

सोमवारी डॉक्टरांचा फोन आला. माझी चौकशी करायला असेल असं वाटलं. त्यांनी सांगितलं की सकाळपासून संघातले तीन जण एकेकटे येऊन गेले. तिघांनीही सांगितलं की डोक्याला मार लागलाय, कुणाला बोललो नाही. त्यातल्या एकाला त्यांनी त्याच तासाला हॉस्पिटलात पाठवलं. तो आता बरा आहे.

पुढे काय करायचं ते ठाऊक नाही. क्लब मेपर्यंतचा करार पाळणार आहे. मला दिवा लावून बसता यायला लागलंय. तुमच्यावर आता राग नाही. प्रेम होतं तेवढंच आहे.

तुमचा,
फर्गस

(खाली माझं एकच वाक्य. आत्या, आठ वर्षांत मला याचा इतका अभिमान कधी वाटला नव्हता. प्रणिता.)


सांगली,
गुरुवार, १२ मार्च २०२६

चि. फर्गस यास,
बाईंचे अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र तीनदा वाचलं आणि चौथ्यांदा शिरीषकडून मोठ्याने वाचून घेतलं. तो गल्ल्यावर बसून डोळे पुसत होता, पण मी सांगितलं असं त्याला कळवू नकोस.

मंगळवारी मी माधवनगरला गेले. रिक्षात दोनदा वाटलं परत फिरावं. सविताने दार उघडलं, खिडकीचा पडदा लावला आणि चहा टाकला. मी खुर्चीत न बसता उभ्यानेच सगळं बोलले. तुझ्याबद्दलही सांगितलं. तिने ऐकून घेतलं. मग म्हणाली की बाई, मला त्या दिवशी खेळायचंच होतं, तुम्ही बसवलं असतं तर मी तुम्हाला शिव्या घातल्या असत्या. कपात चहा ओतताना म्हणाली, पण तुम्ही बसवायला हवं होतं. चहा प्यायले, तिचा हात हातात घेऊन बसले. निघताना तिने विचारलं की त्या तीन मुलांचं पुढे काय झालं. मी म्हटलं, बरे आहेत. ती म्हणाली, चांगलं झालं.

काल शाळेत मुलींना गोळा करून मी ती गोष्ट शेवटपर्यंत सांगितली. टाळ्या पडल्या नाहीत. मैदानावरून परतताना एक मुलगी मागे रेंगाळली आणि कानाकडे बोट दाखवून म्हणाली की बाई, परवा पडल्यापासून इथे गुणगुण होते. तिला मी त्याच पावली डॉक्टरकडे नेली. किरकोळ निघालं. पण मी नेली, फर्गस. एवढ्या वर्षांत पहिल्यांदा सरावाची वेळ मोडून नेली.

म्हणजे आता चार झाले. तुझ्या तिघांच्या आयांना तुझं नाव कुणी सांगणार नाही. इथल्या या पोरीच्या आईला तर फुटबॉल म्हणजे काय तेही माहीत नाही. पण मला माहीत आहे, आणि तुला ठाऊकच आहे की माझ्या पोटात काही राहत नाही. उद्यापासून मी सांगलीभर सांगत सुटणार आहे, की माझा जावई दोन सामने खेळला नाही.

तुझी,
बाई